वाहक, दुर्वाहक आणि सारंगखेड्याची यात्रा

एस.टी.च्या गाडीत दाराजवळच्या आसनावर ‘वाहकासाठी राखीव’ अशी अक्षरे असतात. दोंडाईच्याहून शहाद्याकडे जाणाऱ्या गाडीत ती अक्षरे वाचत वाचत आम्ही तापीचा पूल ओलांडला आणि सारंगखेड्याला उतरलो. मार्गशीर्ष पौर्णिमा जवळ आली होती. एकमुखी दत्ताची यात्रा आणि तिच्याबरोबरचा घोडेबाजार पाहावा, एवढाच हेतू होता. पण उतरल्यावर मान वर केली आणि नजर अडकली ती डोक्यावरून गेलेल्या तीन तारांत. खांबावर चढणारी माणसे या तारेला ‘कंडक्टर’ म्हणतात, आणि शाळेचे पुस्तक तिलाच ‘वाहक’ म्हणते. गाडीतल्या माणसाच्या बाबतीतही हेच. लोक त्याला कंडक्टर म्हणतात, महामंडळ वाहक म्हणते. एकाच शब्दाच्या या दोन संसारांचा विचार डोक्यात घेऊन आम्ही बाजारात शिरलो. घोडे पाहिले, नाही असे नाही. पण घरी आलो ते तारांचा आणि चिनी मातीच्या कपांचा विचार करीत.

‘वाहणे’ हे क्रियापद मराठीने फार मोकळ्या हाताने वापरले आहे. नदी वाहते, बैल ओझे वाहतो, भक्त देवाला फूल वाहतो. पहिल्यात कोणीच काही उचललेले नाही, दुसऱ्यात कष्ट आहेत, तिसऱ्यात समर्पण आहे. तारेला ‘वाहक’ म्हणताना आपण यांपैकी कोणता अर्थ धरतो? इंग्रजी शब्दाच्या मुळाशी लॅटिनमधली ‘नेण्याची’, वाट दाखवून घेऊन जाण्याची कल्पना आहे. मराठी वाहक मात्र हमाल आहे. त्याच्या खांद्यावर काहीतरी आहे. विजेच्या संदर्भात पहिला अर्थ अधिक खरा ठरतो, कारण तारेतले इलेक्ट्रॉन स्वतःच सरकत असतात, कोणी कोणाला उचलून नेत नाही. भाषेला पदार्थविज्ञान कळत नाही ही तक्रार नेहमीची आहे. येथे मात्र भाषेने सोय करून ठेवली होती, आणि पारिभाषिक शब्द घडवताना ती आपल्या लक्षातही आली नाही.

विरुद्ध शब्दाची कथा याहून मजेची आहे. आमच्या पिढीने शाळेत ‘सुवाहक’ आणि ‘दुर्वाहक’ अशी जोडी पाठ केली. पुढे पुस्तकांत ‘विसंवाहक’ आला. मराठी विश्वकोशाने ‘निरोधक’ पसंत केला. (१९६८ पासून सरकारी कुटुंबनियोजनाने ‘निरोध’ या शब्दाचे जे काही केले, त्यामुळे वर्गात मुले हसू नयेत म्हणून शिक्षकांनी दुसरे शब्द जवळ केले असतील काय, अशी एक खोडसाळ शंका आम्हांला नेहमी येते, पुरावा नाही.) ‘दुर्वाहक’ या शब्दात निवाडा आहे. लाकूड, रबर, चिनी माती, काच हे जणू वाहकाच्या परीक्षेत नापास झालेले विद्यार्थी. वस्तुतः वायरमनचा जीव वाचतो तो या नापासांमुळेच. पाश्चात्त्यांनी याच गुणाला ‘बेट’ या अर्थाच्या लॅटिन शब्दावरून नाव दिले. सभोवती पाणी आणि मध्ये कोरडी जमीन, अशी ती कल्पना. तापीच्या काठावर उभे राहून पाहिले तर ही प्रतिमा आपल्यालाही अवघड नव्हती. पण आपण ‘दुर्’ उपसर्ग निवडला.

वाहक आणि दुर्वाहक हा भेद माणसाला फार उशिरा कळला. घासलेला अंबर काडीकचरा ओढतो हे ग्रीकांना ठाऊक होते आणि आपल्याकडेही ठाऊक होते. संस्कृत कोशांत ‘तृणमणि’ म्हणजे गवत ओढणारा मणी असा शब्द आहे. फारसीतला ‘काहरुबा’ म्हणजेही काडी पळवणारा, आणि त्याच शब्दावरून आजच्या अरबीत विजेला नाव मिळाले आहे. परंतु ही ओढ एका जागेवरून दुसऱ्या जागी जाऊ शकते, आणि काही पदार्थांतून जाते, काहींतून जात नाही, हे लक्षात यायला १७२९ साल उजाडावे लागले. इंग्लंडमधला स्टीफन ग्रे हा मूळचा रंगारी. ग्रॅनव्हिल व्हीलर या मित्राच्या घरी तो ताग्याच्या लांबलचक दोरीतून विजेचा गुण पलीकडे धाडण्याच्या खटपटीत होता. दोरी आडवी टांगायला त्यांनी रेशमाचे धागे घेतले, कारण धागा बारीक असला म्हणजे त्यातून गळती कमी होईल असा व्हीलरचा तर्क होता. प्रयोग साधला. मग दोरी वाढवली, तिच्या वजनाने रेशीम तुटले. त्यांनी तितकीच बारीक, पण मजबूत अशी पितळेची तार लावली, आणि सगळा खेळ संपला. पलीकडच्या टोकाला पीसही हलेना. जाडीचा प्रश्नच नव्हता. प्रश्न रेशीम की पितळ, हा होता. विज्ञानाच्या इतिहासात तुटलेल्या धाग्याने इतके शिकवल्याची उदाहरणे थोडी असतील. रेशीम तुटले नसते तर दोघेही आपला चुकीचा तर्क खरा मानून समाधानाने झोपले असते.

खानदेशात हा भेद सव्वाशे वर्षांनी आला, तो दिव्याच्या नव्हे तर तारेच्या रूपाने. विल्यम ओशॉनेसी या डॉक्टराने १८३९ मध्ये कलकत्त्याजवळ बांबूंवर लोखंडी तार ताणून संदेश पाठवून पाहिले होते. लॉर्ड डलहौसीच्या काळात त्याच्याकडेच देशभर तारा घालण्याचे काम आले. १८५४ च्या मार्चमध्ये कलकत्ता आणि आग्रा जोडले गेले, आणि पाठोपाठ आग्र्याहून इंदूरमार्गे मुंबईकडे तार निघाली. आजही धुळ्यातल्या मुख्य रस्त्याला ‘आग्रा रोड’ म्हणतात. हा मुंबई-आग्रा रस्ता सेंधव्याचा घाट उतरून शिरपूरला येतो आणि सावळद्याजवळ तापी ओलांडतो. सारंगखेडे त्याच नदीच्या खालच्या अंगाला आहे. १८५५ मध्ये तार सामान्य लोकांसाठी खुली झाली.

ओशॉनेसीची अडचण आमच्या वाचकांना पटकन समजेल. युरोपात बारीक तार आणि काचेचे किंवा चिनी मातीचे उत्तम आधार, ही रीत होती. येथे त्याला वानरे, कावळे, वादळ आणि पाऊस यांचा हिशेब करावा लागला. म्हणून त्याने आरंभी बारीक तारेऐवजी जाड लोखंडी सळ्या घेतल्या. माकडांनी लोंबकळावे आणि तरी तुटू नये, अशा. आधाराकडे मात्र तेवढे लक्ष दिले नाही. कोरड्या ऋतूत हे चालून जाई. पाऊस लागला की ओला खांब स्वतःच वाहक होई आणि संदेश खांबाखांबाला जमिनीत पाझरत जाई. पुढे चांगले आधार आले आणि ही गळती आटोक्यात आली. आपल्या दूरसंचाराच्या इतिहासात तारेचे गुणगान पुष्कळ आहे. ज्या पांढऱ्या कपांवर ती तार टेकली त्यांच्याविषयी कोणी फारसे लिहिलेले नाही. १८५७ च्या उठावात उत्तरेकडे बंडवाल्यांनी या सळ्या उपटून त्यांच्या गोळ्या केल्या, खांबांच्या लोखंडी नळ्यांतून तोफा उडवल्या, असे तार खात्याच्या आठवणींत आढळते. चिनी मातीच्या तुकड्यांचे त्यांनी काय केले, ते नोंदवण्याइतके कोणाला महत्त्वाचे वाटले नसावे.

दुर्वाहकांच्या इतिहासात आपला देश केवळ गिऱ्हाईक नव्हता, हे येथे सांगितले पाहिजे. समुद्राखालच्या तारांना मलायातल्या गटापर्चा नावाच्या चिकाचे वेष्टन लागे. १८७० मध्ये ‘ग्रेट ईस्टर्न’ जहाजाने मुंबईपासून एडनकडे घातलेली तार अशाच चिकात गुंडाळलेली होती. पण यंत्रांच्या आतल्या गुंडाळ्या, वळसे आणि सांधे यांना लागत असे ती लाख. पळस, बोर, कुसुम यांच्या फांद्यांवर किड्यांनी घातलेली ती राळ. आपल्याकडे तिच्या बांगड्या होत, दस्तऐवजांवर मोहोर उठे, सोनाराच्या दागिन्यात ती आत भरली जाई. आणि तीच विलायतेत वितळून विजेच्या मोटारीत जाऊन बसे. जुन्या तबकड्याही लाखेच्याच, म्हणजे विजेला अडवणारा पदार्थ गाणे वाहून नेत होता. लाखेचा पुरवठा अपुरा आणि महाग पडू लागला तेव्हा लिओ बेकलंड या बेल्जियन रसायनज्ञाने अमेरिकेत तिला पर्याय शोधायला घेतला, आणि १९०७ मध्ये त्याच्या हाती बेकेलाइट लागले. आमच्या लहानपणी घराघरांतले काळे, गोल, टक् असा आवाज करणारे बटण याच बेकेलाइटचे असे. सातपुड्यातल्या पळसाचा किडा आणि भिंतीवरचे ते काळे बटण यांचे असे दूरचे नाते आहे.

खोपोलीच्या टाटांच्या केंद्रातून १९१५ मध्ये मुंबईच्या गिरण्यांना वीज मिळू लागली. खानदेशच्या खेड्यांना ती पाहायला अजून दोन पिढ्या थांबावे लागले. महाराष्ट्र राज्य स्थापन झाल्यावर २० जून १९६० रोजी राज्य विद्युत मंडळ अस्तित्वात आले आणि पुढच्या दोन दशकांत खांब गावोगावी पोचले. याच काळात तांबे परदेशातून आणावे लागते म्हणून देशाने ॲल्युमिनियमची वाट धरली. सारंगखेड्याच्या डोक्यावरच्या तारा ॲल्युमिनियमच्या आहेत, आणि ताण सहन व्हावा म्हणून त्यांच्या पोटात पोलादाची सळई असते. वाहक बाहेर आणि बळ आत. या तारांना इंग्रजांनी जनावरांची नावे दिली, ती आजही आपल्या अभियंत्यांच्या तोंडी आहेत : वीझल, रॅबिट, डॉग, पँथर, झेब्रा. यादीत ‘हॉर्स’ही आहे. देशभरातून आणलेल्या घोड्यांच्या बाजारात उभे राहून हे आठवले तेव्हा आम्हांला हसू आवरले नाही.

यात्रेविषयी थोडे. तिला तीनशे वर्षांची परंपरा सांगतात. अलीकडच्या काळात तिला ‘चेतक महोत्सव’ असे नवे नाव आणि नवा थाट मिळाला आहे. पूर्वी अशा यात्रांतला उजेड गॅसबत्तीचा असे. तमाशाच्या कनातीत ती फुसफुसत असे आणि तिच्याभोवती कीटकांचा वेगळाच फड रंगे. आता दुकानांच्या रांगा, पाळणे, तंबू यांवर दिव्यांच्या माळा असतात. चार-आठ दिवसांसाठी नदीकाठच्या मोकळ्या मैदानावर एक गाव वसते, आणि त्या गावाची वायरिंग चार-आठ दिवसांपुरतीच असते. सांधा दिला, त्यावर चिकटपट्टी, नसली तर प्लास्टिकची पिशवी, खाली बांबूची काठी. ओशॉनेसीचा बांबू अजून निवृत्त झालेला नाही. हे पाहताना कौतुक वाटते आणि पोटात गोळाही येतो. मार्गशीर्षातल्या पहाटे दव पडते. कोरडा बांबू बऱ्यापैकी दुर्वाहक असतो, दवात भिजलेला नसतो.

शेजारी जनावरे असली म्हणजे धोका वाढतो. तारेवरची चिमणी सुखरूप राहते, कारण तिचे दोन्ही पाय एकाच दाबावर असतात. फरक नाही म्हणून प्रवाह नाही. घोड्याचे नेमके उलटे. वीज जमिनीत उतरत असलेल्या एखाद्या खांबाजवळ तो उभा असेल, तर त्याचे पुढचे आणि मागचे पाय चार-साडेचार फुटांच्या अंतरावर, म्हणजे वेगवेगळ्या दाबांवर पडतात, आणि या पायांतून त्या पायांत जाणाऱ्या प्रवाहाची वाट छातीतून जाते. ओल्या मातीत, खुराला लोखंडी नाल ठोकलेली असताना हे अधिकच. माणसाला ज्या जागी जेमतेम मुंग्या येतात तेथे घोडा, बैल, म्हैस कोसळू शकते. पावसाळ्यात खांबाजवळ बैल गेल्याची बातमी वर्तमानपत्राच्या जिल्हा पानावर एका चौकटीत येते. शेतकऱ्याच्या लेखी ती एका हंगामाची बातमी असते.

माणसाचेही गणित फार सोपे आणि फार निष्ठुर आहे. कोरड्या कातडीचा विरोध एक लाख ओहमच्या घरात जाऊ शकतो. भिजल्यावर तो हजारावर येतो. २३० व्होल्टला पहिल्या स्थितीत दोनेक मिलीअँपिअर, दुसऱ्या स्थितीत दोनशेहून अधिक. दहाबारा मिलीअँपिअरच्या पुढे हाताची मूठ आपोआप आवळते आणि सुटत नाही. पन्नास-शंभरात हृदयाची लय बिघडते. मोटार चालू करायला रात्री पाणी भरलेल्या वाफ्यातून जाणारा माणूस या दोन आकड्यांमधले अंतर अनवाणी पायांनी ओलांडत असतो. शेतीला वीज रात्रीची मिळते, पाणी रात्री द्यावे लागते, आणि स्टार्टरची पेटी लोखंडाची असते. या तीन गोष्टी एकत्र आणणारा कोणी एक गुन्हेगार नाही. म्हणून त्यांची नोंद अपघात अशीच होते.

खेड्याने यावर आपले एक शास्त्र उभे केले आहे, आणि आमच्या मते ते वाङ्मयाच्या अभ्यासकांनी ऐकण्यासारखे आहे. येथे ‘वीज’ आभाळातून पडते. तारेतून येते ती ‘लाईट’. बिलही लाईटबिल. ट्रान्सफॉर्मर म्हणजे ‘डीपी’, आणि ती ‘जळते’ किंवा ‘उतरवून नेतात’. कारण तिच्यातल्या तांब्याला भंगारात भाव आहे, वाहकाचा गुण बाजारात किलोवर विकला जातो. पेटी उघडण्याआधी रबरी चप्पल पायात हवी, तार हलवायची तर वाळकी काठी हवी, अर्थिंगच्या खड्ड्यात कोळसा आणि मीठ घालून उन्हाळ्यात त्यावर घागरभर पाणी ओतावे. हे शेवटचे वाक्य ऐकून आम्ही चपापलो. सर्वत्र पाणी आणि वीज दूर ठेवायची आणि येथे मुद्दाम ओतायचे! पण त्यात विसंगती नाही. शुद्ध पाणी विजेला फारसे जाऊ देत नाही, क्षार मिसळले की ते वाट देते. आणि भटकलेल्या विजेला माणसाच्या अंगातून जाण्याऐवजी जमिनीची वाट सोपी करून द्यायची, एवढाच अर्थिंगचा अर्थ आहे.

टेस्टर हे असेच एक नम्र उपकरण. त्याच्या पारदर्शक दांड्यातला नारिंगी दिवा लागतो तो आपल्यामुळे. तारेतून टोकात, टोकातून मोठ्या विरोधकात, दिव्यात, मागच्या टोपीवर टेकवलेल्या बोटात, आपल्या देहातून जमिनीत. लागणारा प्रवाह इतका अल्प की जाणवतही नाही. पण तो आपल्यातूनच जातो. वीज आहे की नाही हे तपासण्याची ही रीत म्हणजे क्षणभर स्वतः वाहक होणे. जाड रबरी बुटात, कोरड्या लाकडी पाटावर उभे राहिले तर दिवा मंद होतो, आणि तार मेलेली आहे असा खोटा विश्वास बसू शकतो.

‘आकडा’ या शब्दाविषयीही लिहायला हवे. वाकवलेल्या तारेचे टोक काठीने वरच्या तारेवर अडकवणे म्हणजे आकडा टाकणे. मराठीत आकडा म्हणजे हूकही आणि अंकही. पैकी एका आकड्यामुळे दुसरा आकडा मीटरवर फिरत नाही. शहरी लेखकांनी यावर नीतीचे पाठ पुष्कळ दिले आहेत. चोरी ती चोरीच, यात दुमत नाही. पण ज्या काठीने आकडा टाकतात ती कोरडी आहे की ओली, यावर एक जीव अवलंबून असतो, हे त्या पाठांत येत नाही.

मृगाच्या आधी पहिला वळीव कोसळतो आणि लगेच दिवे जातात. मग ‘थेंब पडला की लाईट गेली’ म्हणून सारे गाव वीजवाल्यांना शिव्या घालते. या शिव्यांचा काही भाग अन्याय्य आहे. खांबावरचा चिनी मातीचा कप वैशाखाच्या उन्हात भाजून निघालेला असतो. त्यावर गार थेंब पडतात आणि त्याला तडा जातो. तड्यात पाणी शिरते, वीज खांबातून जमिनीत उतरू लागते आणि उपकेंद्रातली यंत्रणा ती ओळखून पुरवठा तोडते. कपाला छत्रीसारख्या पाकळ्या दिलेल्या असतात त्या दिसायला बऱ्या म्हणून नव्हे. वरची बाजू भिजली तरी पोटाखालची कोरडी राहावी, म्हणून. मग भर पावसात वायरमन बॅटरी घेऊन एकेक खांब तपासत निघतो. केसाएवढा तडा रात्री दिसत नाही. २००५ च्या जूनमध्ये मंडळाचे विभाजन होऊन ‘महावितरण’ आले, कागदावरचे बरेच बदलले, पण त्या माणसाची रात्र बदललेली नाही.

याच जिल्ह्यात उत्तरेला अक्कलकुवा आणि अक्राणी तालुके आहेत. सरदार सरोवराने महाराष्ट्रातली जी ३३ गावे बाधित झाली ती नर्मदेच्या काठची, याच तालुक्यांतली. प्रकल्पाच्या १४५० मेगावॉट क्षमतेत महाराष्ट्राचा वाटा २७ टक्के आहे. २००३ मध्ये धडगाव तालुक्यातल्या बिलगावात गावकऱ्यांनी श्रमदान करून, बाहेरून आलेल्या तरुण अभियंत्यांच्या मदतीने ओढ्याच्या धबधब्यावर छोटे जलविद्युत केंद्र उभारले आणि घराघरांत दिवे लावले. काही वर्षांतच ते मोठ्या धरणाच्या फुगवट्यात बुडाले. पाण्याखाली गेलेल्या तारांना वाहक म्हणावे की दुर्वाहक, असा प्रश्न भाषेच्या तासाला विचारता येईल. २९ सप्टेंबर २०१० रोजी ‘आधार’ योजनेचा देशातला आरंभ झाला तोही याच जिल्ह्यातल्या टेंभलीत. राज्याच्या कडेचा हा भाग असा मधूनच एकदम प्रकाशझोतात येतो, आणि झोत पुन्हा वळतो.

संध्याकाळी आम्ही परत निघालो तेव्हा बाजारात दिवे लागले होते. एका तंबूबाहेर पांढरा घोडा बांधला होता. त्याचा मालक खांबाकडून आलेली वायर जमिनीवरून उचलून दोन मेढींवर चढवीत होता. एका मेढीला त्याने जुन्या सायकलच्या ट्यूबचा तुकडा गुंडाळला आणि त्यावर वायर ठेवली. आम्ही विचारले, हे कशाला? “जनावर आहे दादा, रात्री ओढाताण करतं,” तो म्हणाला, आणि दुसऱ्या मेढीसाठी ट्यूब कापू लागला.